‘गाभ्रीचा पाऊस’ : एका वऱ्हाडी चित्रपटाचा अभ्यास

वऱ्हाडातील कापूस उत्पादक शेतकऱ्यांच्या आत्महत्यांविषयी गेल्या दोन दशकांत विपुल लिखाण झाले. डिसेंबर २००५ मध्ये राज्य शासनाने १,०७५ कोटी रुपयांचा कार्यक्रम जाहीर केला. १ जुलै २००६ रोजी तत्कालीन पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग यांनी अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम व वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांच्या पॅकेजची घोषणा केली. अमरावती येथे वसंतराव नाईक शेती स्वावलंबन मिशनचे कार्यालय सुरू झाले. समित्या नेमल्या गेल्या, पाहण्या झाल्या, अहवाल आले. या सर्व कागदपत्रांचे मोल आहेच. परंतु हे कागद बहुधा एका दुर्दैवी घटनेनंतर लिहिले जातात. त्या घटनेपूर्वी त्या घरात काय चालले होते, हे त्यांत क्वचितच आढळते.

२००९ मध्ये पडद्यावर आलेल्या ‘गाभ्रीचा पाऊस’ या मराठी चित्रपटाने नेमका हाच आधीचा काळ आपला विषय केला. सतीश मनवर यांनी दिग्दर्शित केलेला हा पहिलाच चित्रपट. पटकथाही त्यांचीच. निर्माते प्रशांत पेठे. हा चित्रपट अधिकारी, शिक्षक आणि पंचायत सदस्य यांनी अभ्यासाचे साधन म्हणून कसा पाहावा, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

मोर्णेचे दोन काठ

चित्रपटाची भूमी यवतमाळ जिल्ह्याच्या बाजूची आहे. तथापि अकोल्याच्या वाचकाला ती परकी वाटण्याचे कारण नाही. जुन्या वऱ्हाड प्रांताच्या चार जिल्ह्यांत अमरावती, अकोला, बुलढाणा यांच्याबरोबर यवतमाळही होता. काळी जमीन, कोरडवाहू कपाशी आणि वऱ्हाडी बोली हा या सर्वांचा समाईक वारसा होय.

अकोला शहर मोर्णा नदीच्या दोन्ही काठांवर वसलेले आहे. पश्चिमेच्या काठाला असदगड किल्ला आणि जुने शहर. पूर्वेच्या काठाला ताजनापेठ आणि त्याच बाजूने पुढे वाढत गेलेली कचेऱ्यांची, स्टेशनची व बाजाराची वस्ती. एकोणिसाव्या शतकात १८६१ ते १८६५ या काळातील अमेरिकेच्या यादवी युद्धामुळे वऱ्हाडच्या कापसाला एकाएकी मागणी आली. त्याच दशकात या भागातून रेल्वे गेली आणि पूर्वेकडील अकोल्याचा विस्तार झपाट्याने झाला. जुने शहर मात्र आपल्या अरुंद गल्ल्या, वाडे, दर्गे आणि देवळे यांसह नदीपलीकडे राहिले.

या जुन्या शहराचे पावसाशी असलेले नाते आजही दरवर्षी दिसते. श्रावणातील शेवटच्या सोमवारी गांधीग्राम येथून पूर्णा नदीचे पाणी कावडींतून खांद्यावर आणले जाते आणि जुन्या शहरातील ग्रामदैवत श्रीराजराजेश्वरास त्याचा अभिषेक होतो. रात्रभर अनवाणी चालत येणाऱ्या तरुणांपैकी अनेकांच्या घरची शेती आसपासच्या खेड्यांत असते. पाणी ही येथे सणाची आणि संसाराचीही गोष्ट आहे. शिवाय पूर्णेच्या खोऱ्यातील मोठा पट्टा खारपाणपट्टा म्हणून ओळखला जातो. तेथील भूगर्भातील पाणी क्षारयुक्त असल्याने विहीर असूनही ओलीत करता येत नाही. अशा शेतकऱ्याला आभाळाखेरीज दुसरा आधार नाही. ‘गाभ्रीचा पाऊस’ समजून घेण्यासाठी ही पार्श्वभूमी लक्षात घेणे आवश्यक आहे.

स्वतंत्र चित्रपटकाराची परंपरा

स्वतंत्र चित्रपटकार म्हणजे मोठ्या निर्मितिसंस्थेच्या, लोकप्रिय ताऱ्यांच्या वा तयार साच्याच्या आधाराविना आपला विषय स्वतः निवडणारा व तो आपल्या पद्धतीने मांडणारा दिग्दर्शक. त्याच्यापाशी भांडवल बेताचे असते. चित्रपट पूर्ण झाल्यावर तो प्रेक्षकांपर्यंत नेणे ही त्याची दुसरी आणि बहुधा अधिक अवघड लढाई असते.

महाराष्ट्रात शेतकऱ्याच्या कर्जबाजारीपणावर चित्रपट काढण्याची परंपरा जुनी आहे. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतून बाबूराव पेंटर यांनी १९२५ मध्ये ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. नारायण हरी आपटे यांच्या कथेवर आधारलेल्या या चित्रपटात तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. सावकाराने जमीन गिळली आणि शेतकरी शहराकडे मजुरीला गेला, हे त्याचे सूत्र. पुराणकथांचा जमाना असताना एका शेतकऱ्याच्या झोपडीकडे कॅमेरा वळविणे हे त्या काळी मोठे धाडस होते. ‘गाभ्रीचा पाऊस’ त्यानंतर ८४ वर्षांनी आला. मधल्या काळात स्वातंत्र्य आले, सहकारी पतपुरवठा आला, बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, १९६९ मध्ये अकोल्यास कृषी विद्यापीठ स्थापन झाले. तरीही शेतकऱ्याच्या कर्जाचा विषय चित्रपटकाराला पुन्हा हाती घ्यावा लागला, ही गोष्ट विचार करावयास लावणारी आहे.

वऱ्हाडच्या भूमीने मराठी चित्रपटाला यापूर्वीही दिग्दर्शक दिलेले आहेत. अमरावती जिल्ह्यातील धामणगाव येथे जन्मलेले राजदत्त यांनी १९७७ मध्ये संत गाडगेबाबांच्या जीवनावर ‘देवकीनंदन गोपाला’ हा चित्रपट केला. डॉ. श्रीराम लागू यांनी त्यात गाडगेबाबा उभे केले. गाडगेबाबा कीर्तनातून वऱ्हाडी बोलीत श्रोत्यांना प्रश्न विचारीत आणि कर्ज काढून सण व लग्ने करू नका, असे कळकळीने सांगत. प्रश्न विचारून, हसवून आणि मग अंतर्मुख करून शिकविण्याची ही रीत या मातीतील आहे. ‘गाभ्रीचा पाऊस’ उपदेश करीत नाही. परंतु हसवत हसवत काळजाला हात घालण्याची त्याची पद्धत त्याच जातीची आहे.

कथासूत्र

किसना हा कोरडवाहू कपाशी पिकविणारा लहान शेतकरी. घरात पत्नी अलका, म्हातारी आई आणि दिनू हा लहान मुलगा. शेजारचा एक शेतकरी आत्महत्या करतो आणि अलकाच्या मनात भीती शिरते. आपल्या घरातही तीच परिस्थिती आहे. आपला नवराही अलीकडे गप्प असतो. उद्या त्यानेही तसेच केले तर?

या भीतीतून ती एक व्यवस्था उभी करते. किसनाला क्षणभरही एकटे सोडावयाचे नाही. तो शेतात जावो, गावात जावो वा कोठेही जावो, दिनूने त्याच्यामागे जावयाचे. दिनू नसेल तेव्हा सासूने लक्ष ठेवावयाचे. त्याला खूश ठेवण्यासाठी त्याच्या आवडीचे गोडधोड रांधावयाचे. त्याला लागेल असे बोलावयाचे नाही. घरात पैशाची चणचण असताना पुरणाचा घाट घातला जातो. पेरणीच्या चिंतेत बुडालेल्या किसनाला या प्रेमळ पहाऱ्याचा जाच होतो. यातून विनोद निर्माण होतो आणि प्रेक्षक मनापासून हसतो. पण त्या हसण्याच्या तळाशी काय आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असते, म्हणून ते हसू घशात अडकते.

दुसरीकडे किसनाचे सारे लक्ष आभाळाकडे आहे. तो मरणाचा नव्हे, पिकाचा विचार करीत आहे. पाऊस हवा तेव्हा येत नाही आणि येतो तेव्हा नको तेवढा येतो. ‘गाभ्रीचा’ ही वऱ्हाडीतील एक शिवी. ती जिव्हाळ्यातही दिली जाते आणि त्राग्यातही. ज्याच्यावाचून चालत नाही आणि जो हमखास दगा देतो, अशा पावसाला ही शिवी दिली आहे. चित्रपटाचे सारे तत्त्वज्ञान या नावात आलेले आहे.

किसनाची भूमिका गिरीश कुलकर्णी यांनी, अलकाची सोनाली कुलकर्णी यांनी व आईची ज्योती सुभाष यांनी केली आहे. दिनू झालेला अमन अत्तार हा बालकलाकारही तितकाच लक्षात राहतो. चित्रपटाचा शेवट येथे सांगणे उचित नव्हे. ज्यांनी तो पाहिलेला नाही त्यांनी तो पाहूनच जाणावा.

पाऊस, पेरणी आणि उधारी

या चित्रपटाच्या मुळाशी शेतीच्या अर्थशास्त्राचा एक पाठ आहे. तो चित्रपटाबाहेरील माहितीची जोड देऊन वाचला पाहिजे.

जमिनीत पुरेशी ओल निर्माण करणारा ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरणी करू नये, असा सल्ला कृषी खाते दरवर्षी देते. सल्ला शास्त्रशुद्ध आहे. मग शेतकरी घाई का करतो? कपाशी हे दीर्घ मुदतीचे पीक आहे. लावणीला जितका उशीर तितकी शेवटची बोंडे भरताना जमिनीतील ओल कमी पडते आणि उतारा घटतो. म्हणून मृगाच्या पहिल्या सरी पडताच, किंबहुना काही ठिकाणी त्यापूर्वीच धूळपेरणी करून, शेतकरी बियाणे मातीत टाकतो. पुढचा पाऊस वेळेवर आला तर तो शहाणा ठरतो. पंधरा दिवस उघाड पडली तर अंकुर करपतात आणि दुबार पेरणी करावी लागते. हा अविचार नसून दोन धोक्यांपैकी एकाची निवड आहे, हे सल्ला देणाऱ्याने ध्यानात घ्यावयास हवे.

दुबार पेरणी म्हणजे बियाण्याचा खर्च दुप्पट, मजुरी दुप्पट आणि हंगाम मात्र एकच. पूर्वी घरची सरकी राखून ती पेरण्याची सोय होती. संकरित वाण आले आणि दरवर्षी बियाणे विकत घेणे भाग पडले. २००२ मध्ये बीटी कपाशीच्या लागवडीस देशात परवानगी मिळाल्यावर ही प्रथा सार्वत्रिक झाली. बोंडअळीचा उपद्रव सुरुवातीच्या वर्षांत कमी झाला, हे खरे. पण कोरडवाहू शेतकऱ्याची पहिली गुंतवणूक वाढली, हेही तितकेच खरे. ही गुंतवणूक पाऊस पडण्यापूर्वी करावी लागते. बँकेचे पीककर्ज वेळेवर न मिळाले, किंवा मागील थकबाकीमुळे नाकारले गेले, तर शेतकरी कृषी सेवा केंद्राच्या उधारीकडे वा खासगी सावकाराकडे वळतो. दुसऱ्या पेरणीला तर बहुतेकदा तोच मार्ग उरतो.

विक्रीच्या टोकालाही असाच बदल झाला. १९७२ पासून सुमारे तीस वर्षे राज्यात कापूस एकाधिकार खरेदी योजना होती. तिच्या उणिवांवर बरीच टीका झाली. तरी कापूस कोठे न्यावयाचा आणि किमान काय मिळेल याची शेतकऱ्याला कल्पना असे. एकाधिकार संपल्यावर तो बाजाराच्या चढउताराला थेट सामोरा गेला. ज्याला उधारी फेडावयाची आहे तो भाव चढेपर्यंत कापूस घरात ठेवू शकत नाही. वेचणी होताच त्याला विकावे लागते.

चित्रपट या सगळ्याची व्याख्याने देत नाही. तो फक्त किसना बियाण्यासाठी पैसे कोठून आणतो आणि त्या बियाण्याचे पुढे काय होते, एवढेच दाखवितो. शिक्षकाने वा विस्तार अधिकाऱ्याने त्यामागील साखळी उलगडून सांगितली, तर हा एक उत्तम पाठ होऊ शकेल.

बोलीचे सामर्थ्य

मराठी चित्रपटात वऱ्हाडी बोली दीर्घकाळ विनोदापुरती वापरली गेली. गडी, शिपाई वा गावंढळ पाहुणा वऱ्हाडी बोलणार आणि नायक-नायिका पुणेरी बोलणार, असा जणू दंडकच होता. साहित्यात हा दंडक उद्धव शेळके यांनी १९६० मध्ये ‘धग’ या कादंबरीने मोडला. तिची नायिका कौतिक संसार सावरण्यासाठी अखेरपर्यंत झुंजते, आणि तिचे दुःख वऱ्हाडी बोलीतूनच पूर्णत्वाने व्यक्त होते. ‘गाभ्रीचा पाऊस’मधील अलका ही कौतिकचीच पुढल्या पिढीतील बहीण म्हणावी लागेल. दोघीही बडबड न करता घर धरून ठेवतात.

बोलीचा प्रश्न प्रशासनाच्या दृष्टीनेही महत्त्वाचा आहे. ‘नापिकी’ हा शब्द अर्जात येतो. कास्तकाराच्या तोंडी ‘पऱ्हाटी गेली’ एवढेच येते. ‘मानसिक तणाव’ हा शब्द परिपत्रकात येतो. गावात मात्र ‘तो आताशा बोलत नाही’ असे म्हणतात. आपल्या चौकशीच्या नमुन्यातील शब्द आणि लोकांच्या तोंडचे शब्द यांतील अंतर ज्याला ओलांडता येत नाही, त्याच्यापुढे खरी परिस्थिती येत नाही. या चित्रपटातील संवाद कान देऊन ऐकणे हे वऱ्हाडाबाहेरून येथे नियुक्त झालेल्या कर्मचाऱ्याला प्रशिक्षणासारखेच उपयुक्त ठरेल.

फाइल आणि घर

शेतकरी आत्महत्येच्या प्रकरणात २००६ पासून राज्यात एक लाख रुपयांची मदत देण्याची पद्धत आहे. त्यापैकी ३० हजार रुपये तातडीने आणि ७० हजार रुपये मुदतठेवीच्या स्वरूपात देण्याची व्यवस्था ठरविण्यात आली. त्यासाठी शेतजमीन कुटुंबाच्या नावे आहे काय, कर्ज बँक, सहकारी संस्था वा परवानाधारक सावकार यांचे आहे काय, आणि परतफेडीच्या तगाद्यामुळे ही घटना घडली काय, याची छाननी जिल्हा स्तरावरील समिती करते आणि प्रकरण ‘पात्र’ वा ‘अपात्र’ ठरते. सार्वजनिक निधी द्यावयाचा तर निकष असणारच. तथापि दुसऱ्याची जमीन मक्त्याने वाहणारा, बिनपरवाना सावकाराकडून वा नातेवाइकाकडून पैसे घेतलेला, किंवा सातबाऱ्यावर जिचे नाव नाही अशी शेतकरी स्त्री यांची प्रकरणे या चौकटीत बसविणे अवघड जाते.

चित्रपट पाहिल्यावर आणखी एक गोष्ट जाणवते. ही फाइल घटना घडल्यानंतर उघडते. अलकाचा पहारा मात्र त्यापूर्वीच सुरू झालेला असतो. नवऱ्याचे जेवण कमी झाले, तो कोणाशी बोलेनासा झाला, शेजारच्या घरी घडलेल्या प्रसंगाचा त्याच्यावर परिणाम झाला, या खुणा ती ओळखते. तिच्याजवळ या खुणा आहेत, पण त्या घेऊन जावे असे ठिकाण तिला माहीत नाही. म्हणून लहान मुलगा आणि म्हातारी सासू यांनाच तिला कामाला लावावे लागते. संपूर्ण गावात, पंचायतीत, शाळेत वा दवाखान्यात तिचे ओझे वाटून घेणारे कोणी नसणे, हीच या चित्रपटाची खरी शोकांतिका आहे.

या दिशेने काही पावले पुढे पडलेली आहेत. आरोग्य खात्याने विदर्भ व मराठवाड्यातील चौदा जिल्ह्यांसाठी प्रेरणा प्रकल्प सुरू केला. त्यात आशा कार्यकर्त्यांनी घरोघरी चौकशी करून तणावग्रस्त शेतकऱ्यांना समुपदेशनाकडे पाठवावे, अशी योजना आहे. २०२२ पासून केंद्र शासनाची ‘टेलि-मानस’ ही दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर उपलब्ध आहे. परंतु क्रमांक भिंतीवर रंगविला म्हणजे अलका तो फिरवील असे नाही. तिच्या ओळखीच्या कोणीतरी तिच्याजवळ बसून हे सांगावयास हवे. आशा, अंगणवाडी सेविका, शिक्षक आणि प्रभागाचा पंचायत सदस्य हीच ती माणसे होत.

सामूहिक प्रदर्शन आणि चर्चा

एकेकाळी प्रसिद्धी खात्याची गाडी पडदा व प्रक्षेपक घेऊन गावोगाव जात असे आणि माहितीपटासाठी चावडीसमोर सारे गाव जमत असे. आज मोबाइलवर प्रत्येक जण एकेकटा पाहतो. एकत्र पाहणे आणि पाहिलेल्यावर बोलणे ही सवय पुन्हा लावण्यास असा चित्रपट योग्य आहे. मात्र त्यासाठी काही पथ्ये पाळावीत.

पहिले म्हणजे, निर्मात्याची वा हक्कधारकाची परवानगी घेतल्याशिवाय सार्वजनिक प्रदर्शन करू नये. स्वतंत्र चित्रपटकाराचे उत्पन्न तुटपुंजे असते. चोरट्या प्रतीवरून दाखविणे म्हणजे ज्या शेतकऱ्याची बाजू तो मांडतो त्याच्या कापसाचे माप मारण्यासारखेच होय. दुसरे, ज्या गावात अलीकडे अशी घटना घडली असेल तेथे त्या कुटुंबास आधी भेटावे, त्यांची इच्छा विचारावी आणि चर्चेत कोणाच्याही घराचा उल्लेख होऊ देऊ नये. तिसरे, चित्रपट संपल्यावर लगेच भाषणे करू नयेत. थोडा वेळ जाऊ द्यावा, आणि प्रथम स्त्रियांना बोलू द्यावे. चौथे, आरोग्य केंद्रातील कर्मचारी वा आशा कार्यकर्ती उपस्थित असावी, म्हणजे कोणाला एकांतात काही सांगावयाचे असल्यास सोय होईल.

चर्चेसाठी पुढील प्रश्न उपयोगी पडतील :

१. अलकाला संशय आल्यावर तिने गावातील कोणाकडे जावयास हवे होते? आपल्या गावात असे कोण आहे?

२. किसनाला दुसऱ्या पेरणीसाठी पैसे हवे होते. त्या आठवड्यात आपल्या गावातील सोसायटी व बँक त्याला काय देऊ शकली असती?

३. घरातील काळजीचे ओझे दिनूवर पडले. आपल्या वर्गात असे ओझे वाहणारे मूल आपण कशावरून ओळखू?

४. किसनाने घरी मोकळेपणाने बोलावे म्हणून त्याच्या मित्रांना काय करता आले असते?

५. आपल्या गावात बियाणे, खत व घरखर्च यांची उधारी कोणत्या महिन्यांत सर्वांत जास्त असते? ग्रामसभेने त्या महिन्यांपूर्वी काय ठरविता येईल?

शिक्षकांसाठी तिसरा प्रश्न विशेष महत्त्वाचा आहे. पेरणीच्या व वेचणीच्या दिवसांत गैरहजर राहणाऱ्या मुलाची हजेरीपटावर केवळ खूण होते. तो शेतात कामाला गेला की बापाबरोबर राहावयास गेला, हे हजेरीपट सांगत नाही. घरी जाऊन चौकशी करणारा शिक्षक हे जाणू शकतो.

मर्यादा आणि पुढील वाटचाल

या चित्रपटाच्या मर्यादाही नमूद केल्या पाहिजेत. कापसाचे भाव, आयात-निर्यातीचे धोरण, सिंचनाचा अनुशेष हे व्यापक प्रश्न त्याच्या कक्षेत येत नाहीत. शेतमजुराचे घर, ज्याला पडीचा फटका शेतकऱ्याच्याही आधी बसतो, पडद्याच्या कडेलाच राहते. प्रमुख कलावंत वऱ्हाडातील नसल्याने बोलीचा हेल क्वचित सुटतो, अशी तक्रार जाणकार वऱ्हाडी प्रेक्षक करू शकेल. परंतु एका चित्रपटाने सर्व काही सांगावे ही अपेक्षा रास्त नव्हे. एक घर त्याने पूर्णपणे सांगितले आहे.

२००९ मध्ये नेदरलँड्समधील रॉटरडॅम येथील आंतरराष्ट्रीय महोत्सवात हा चित्रपट दाखविला गेला आणि इतर देशांतील महोत्सवांतही गेला. यवतमाळच्या मातीतील शिवी असलेले नाव घेऊन तो परदेशी प्रेक्षकांसमोर उभा राहिला, आणि त्यांना त्याचा अर्थ कळला. स्थानिक जीवन जितक्या खरेपणाने मांडावे तितके ते दूरवर समजते, याचा हा पुरावा होय. मात्र ज्यांच्याविषयी तो आहे त्यांच्या तालुक्याच्या गावी तो किती दिवस लागला, हा प्रश्न आपणास विचारावा लागेल. स्वतंत्र मराठी चित्रपटांची हीच दुखरी बाजू आहे.

मनवर यांनी पुढे ‘तुह्या धर्म कोंचा?’ हा चित्रपट केला. धर्माच्या नावाने दोन्ही बाजूंनी ओढल्या जाणाऱ्या आदिवासी जीवनाचा वेध त्यात आहे. २०१३ सालासाठीच्या ६१ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सामाजिक विषयावरील सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून त्याची निवड झाली, आणि त्यातील ‘खुरखुरा’ या गीतासाठी बेला शेंडे यांना सर्वोत्कृष्ट पार्श्वगायिकेचा पुरस्कार मिळाला. नावासाठी बोलीतील शब्द, आणि विषयासाठी कागदोपत्री सर्वांच्या, प्रत्यक्षात कोणाच्याच नसलेल्या माणसांचे जगणे, हा धागा दोन्ही चित्रपटांत कायम आहे.

अकोला, अमरावती, यवतमाळ या भागांतील महाविद्यालये, जिल्हा ग्रंथालये, कृषी विद्यापीठाची विस्तार केंद्रे आणि पंचायत समित्या यांनी मनावर घेतले, तर दरवर्षी पेरणीपूर्वी, म्हणजे एप्रिल-मे महिन्यांत, असे प्रदर्शन व चर्चा सहज घडविता येतील. त्या दिवसांत शेतकऱ्याला थोडी उसंत असते, कर्जाची कागदपत्रे करावयाची असतात आणि पाऊस अजून दूर असतो. त्याच सभेत पीककर्जाचे अर्ज भरून घेता येतील, थकबाकीदारांच्या अडचणी नोंदवून घेता येतील आणि गावातील कोणत्या घरी या हंगामात जाऊन बसावयास हवे, याची यादी आशा कार्यकर्ती व पंचायत सदस्य मिळून करू शकतील. अलकाचा पहारा मग तिच्या एकटीचा राहणार नाही.